पुन्हा पुन्हा तेच का?

सातवीचा वर्ग, गणिताचा तास. तीन वेगवेगळ्या बाकांवरून पेन्सिल आपटण्याचा आवाज येतो आहे. बाई फळ्याकडे तोंड करून उदाहरण मांडताहेत, पण आवाज त्यांच्या कानांवर पडतोच. न वळता त्या म्हणतात, "पेन्सिल वाजवू नका रे."

पहिला मुलगा दचकतो. आपण पेन्सिल वाजवत होतो हे त्याला आत्ताच कळते. तो थांबतो आणि दोन मिनिटांनी, पुन्हा नकळत, सुरू करतो. दुसरा पेन्सिल खाली ठेवून मूठ आवळून धरतो. पाच-सात मिनिटे कळ काढतो. मग एकदम चार-सहा ठोके एकापाठोपाठ पडतात आणि त्याबरोबर मानेलाही झटका बसतो. तिसऱ्या बाकावरची मुलगी आज्ञाधारक, तरीही ती थांबत नाही. तिचे तीन ठोके झाले होते, चौथा राहिला होता. तो ती बाकाखाली हळूच उरकते. पण मध्येच टोकल्यामुळे ते चार 'नीट' झाले नाहीत, म्हणून आणखी चार मारते. चार नीट झाले नाहीत तर घरी आईला काहीतरी होईल, असे तिच्या मनात आले आहे. असे काही होत नसते, हेही तिला कळते आहे.

ही मुले आम्ही कल्पनेने उभी केली आहेत. पण ज्यांनी दहा-पंधरा वर्षे वर्गात काढली आहेत त्यांना ती ओळखीची वाटतील. आवाज एकच, बाईंची सूचना एकच, आणि तिघांच्या डोक्यात मात्र तीन निराळ्या गोष्टी चालल्या आहेत. अशा मुलांबद्दल बोलताना आपण 'सवय', 'खोड', 'चाळा', 'नाटके' असे शब्द अदलाबदलीने वापरतो आणि उपायही एकच करतो: रागावतो किंवा दुर्लक्ष करतो. नुसत्या कृतीवरून कारण ओळखता येत नाही. कृतीच्या आधी मुलाला काय होते आणि कृतीनंतर त्याला काय मिळते, ते पाहावे लागते. ते न पाहता केलेला उपाय एकाला लागू पडतो आणि दुसऱ्याचा त्रास वाढवतो.

आधी नावे सांगून टाकू. पहिल्या मुलाच्या अडचणीला 'अवधान-न्यूनता व अतिचंचलता' म्हणतात. इंग्रजी आद्याक्षरांवरून एडीएचडी हे नाव आता पालकांच्याही तोंडी आहे. दुसऱ्याची ती 'टिक'. मराठीत तिला आचके किंवा झटके म्हटले की लोकांना फिट आठवते. टिकचा फिटशी संबंध नाही, म्हणून आम्ही 'टिक' हाच शब्द ठेवतो. तिसऱ्या मुलीच्या त्रासाचे नाव ओसीडी: मनात बळेच घुसणारे अनिवार्य विचार आणि ते शमवण्यासाठी कराव्या लागणाऱ्या अनिवार्य कृती. आपल्याकडे यासाठी 'मंत्रचळ' हा जुना शब्द आहे. शब्द चपखल आहे, पण आजवर तो मदतीपेक्षा चेष्टेसाठीच जास्त वापरला गेला.

निरनिराळ्या देशांतील पाहण्यांवरून शाळकरी मुलांत एडीएचडीचे प्रमाण शंभरात सुमारे पाच आणि ओसीडीचे एक ते दोन दिसते. साठ मुलांच्या वर्गात पहिल्या प्रकारची दोन-तीन आणि तिसऱ्या प्रकारचे एखादे मूल असू शकते. थोडे दिवस राहून जाणाऱ्या टिक तर पुष्कळ मुलांना होतात. दीर्घकाळ टिकणाऱ्या टिक त्यामानाने कमी.

आणखी एक खुलासा आधीच केलेला बरा. पुनरावृत्ती म्हणजे आजार नव्हे. दोन ते पाच वर्षांच्या मुलांना तीच गोष्ट त्याच शब्दांत हवी असते, पांघरूण तसेच हवे असते, एक शब्द बदलला तरी चालत नाही. फरशीच्या रेघेवर पाय न देता चालणे हा खेळ आपणही खेळलो आहोत. परीक्षेला ठरावीकच पेन नेणारे विद्यार्थी (आणि सामन्याला ठरावीकच मोजे घालणारे क्रिकेटपटू) असतात. यात काही बिघडत नाही. अनिवार्य विचार आणि कृती यांत रोजचा तासाभराहून अधिक वेळ जाऊ लागला, किंवा त्यापायी अभ्यास, जेवण, झोप, खेळ मागे पडू लागले, किंवा मूल आतून फार कष्टी झाले, की मग प्रश्न आजाराचा होतो.

शंका धुऊन जात नाही

तिसऱ्या मुलीपासून सुरुवात करू, कारण तिचा त्रास सर्वांत कमी दिसतो आणि सर्वांत उशिरा ओळखला जातो.

आईला काहीतरी होईल, हा विचार तिच्या मनात आला कुठून? उत्तर सोपे आहे: जिथून सगळ्यांच्या मनात येतो तिथूनच. 1978 मध्ये स्टॅन्ली रॅखमन आणि मूळचे श्रीलंकेचे पद्मल डी सिल्व्हा या मानसशास्त्रज्ञांनी कसलाही मानसिक आजार नसलेल्या लोकांना विचारले, की नको असलेले, विचित्र, घाणेरडे, हिंसक विचार तुमच्या मनात अचानक येतात का? दहांपैकी सुमारे आठ जणांनी 'हो' म्हटले. 2014 मध्ये 13 देशांतील 777 विद्यापीठीय विद्यार्थ्यांना असाच प्रश्न विचारण्यात आला. मागच्या तीन महिन्यांत असा निदान एक तरी विचार आल्याचे सुमारे 94 टक्क्यांनी सांगितले. गच्चीच्या कठड्याशी उभे असताना 'उडी मारली तर?' असे क्षणभर वाटणे, देवापुढे हात जोडल्यावर नेमका शिवीसारखा शब्द मनात येणे, ही मेंदूची नेहमीची बडबड आहे. बहुतेक लोक 'काहीतरीच!' म्हणतात आणि पुढे जातात.

ओसीडी असलेल्या माणसाला असे पुढे जाता येत नाही. त्याला तो विचार महत्त्वाचा वाटतो. असा विचार माझ्या मनात आला म्हणजे मी वाईट असेन, किंवा विचार आला आणि मी काही केले नाही तर घडणाऱ्या अनर्थाला मीच जबाबदार. म्हणून तो काहीतरी करतो. हात धुतो, कडी तपासतो, चारदा ठोकतो, मनातल्या मनात एक वाक्य म्हणतो. लगेच हायसे वाटते. सगळा घोटाळा या हायसे वाटण्यात आहे. ज्या कृतीने भीती उतरते ती कृती मेंदू चटकन शिकतो. धुतले म्हणून वाचलो, असा धडा पक्का होतो, आणि न धुताही काही झाले नसते हे पाहण्याची संधी कधी मिळतच नाही. पुढच्या वेळी भीती लवकर येते आणि तेवढेच हायसे वाटायला जास्त धुवावे लागते.

तपासून तपासून खात्री का होत नाही, हे नेदरलँड्समधील मार्सेल व्हॅन डेन हाउट आणि मेरेल किंट यांच्या 2003 मधील एका प्रयोगाने फार छान दाखवले. त्यांनी निरोगी विद्यार्थ्यांना संगणकाच्या पडद्यावर गॅसची शेगडी दिली. ती पेटवायची, बंद करायची आणि बंद झाली का ते तपासायचे. एका गटाने ही तपासणी वीस वेळा केली. दुसऱ्या गटाने तेवढ्याच वेळा शेगडीऐवजी दिवे तपासले. शेवटी दोन्ही गटांना विचारले, की शेगडीच्या शेवटच्या तपासणीत कोणती बटणे होती? उत्तरांच्या अचूकतेत फरक पडला नाही. पण वीस वेळा शेगडी तपासणाऱ्यांना ती आठवण पुसट वाटू लागली आणि तिच्यावरचा त्यांचा विश्वास उडाला. पुढे 2006 मध्ये कॅनडात खऱ्या शेगडीवर असाच प्रयोग झाला आणि निष्कर्ष तोच निघाला. म्हणजे शंका आहे म्हणून माणूस तपासतो हे खरे, पण तपासण्यानेही शंका वाढते. एखादा शब्द वीस-तीसदा मोठ्याने म्हटला की त्याचा अर्थ हरवून नुसता आवाज उरतो, तसेच काहीसे इथे होत असावे.

हे कळले की वर्गातली एक नेहमीची गोष्ट वेगळी दिसू लागते. एखादी विद्यार्थिनी पुन्हा पुन्हा येऊन विचारते, "बाई, माझे बरोबर आहे ना?" बाई प्रेमळ असतील तर दहाव्या वेळीही "हो ग, बरोबर आहे" म्हणतात. हे 'हो' म्हणजे आणखी एकदा हात धुणेच झाले, फक्त नळ बाईंच्या हातात. घरातही तेच होते. आई रोज रात्री कडी चारदा दाखवते, वडील 'तुझ्यामुळे कोणी आजारी पडणार नाही' असे झोपण्यापूर्वी ठरलेल्या शब्दांत सांगतात, भावंडांनी ठरावीक खुर्चीला हात लावायचा नाही असा नियम होतो. सगळे मायेपोटी चाललेले असते, आणि तरीही आजाराला खतपाणी मिळत असते.

आपल्या घरांबाबत एक गोष्ट मुद्दाम सांगावीशी वाटते. हा आजार घरात जे मोलाचे मानले जाते त्याचेच रूप घेतो. ज्या घरात सोवळे-ओवळे पाळतात तिथे अति धुण्याला बराच काळ नीटनेटकेपणाच म्हटले जाते. जिथे अक्षराचे कौतुक आहे तिथे खोडून खोडून लिहिणारा मुलगा 'परफेक्शनवाला' ठरतो. 2020 मध्ये करोनाच्या साथीत सारे जगच हात धुऊ लागले, तेव्हा तर फरक ओळखणे आणखी अवघड झाले. देवापुढचे नमस्कार पुन्हा पुन्हा घालणाऱ्या मुलाला सगळे भाविक म्हणतात. फरक असा, की भाविकाला नमस्कार घातल्यावर नमस्कार झाल्यासारखे वाटते. या मुलाला तो कधीच झाल्यासारखा वाटत नाही.

यावर उपाय आहे, आणि तो 1966 पासून माहीत आहे. लंडनमधील मानसशास्त्रज्ञ व्हिक्टर मेयर यांनी त्या वर्षी दोन रुग्णांवर केलेल्या उपचाराचा वृत्तांत प्रसिद्ध केला. ज्या गोष्टींची भीती वाटते त्यांना रुग्णाने सामोरे जायचे आणि त्यानंतरची सुटकेची कृती करायची नाही, असे त्याचे स्वरूप होते. तोवर असे रुग्ण सहसा बरे होत नाहीत असाच समज होता. आज हाच उपचार पायरीपायरीने करतात. मूल आणि उपचारक मिळून भीतींची शिडी तयार करतात आणि सर्वांत खालच्या पायरीपासून सुरुवात होते. दाराच्या मुठीला हात लावायचा आणि हात न धुता बसायचे. भीती चढते, आता सहन होणार नाही असे वाटते, आणि काही न करताही हळूहळू उतरते. किंवा निदान ती सहन करता येते हे कळते. ही गोष्ट मुलाला सांगून पटत नाही, ती अनुभवावी लागते. प्रयोगवहीत निष्कर्ष आधी लिहून निरीक्षणे मागाहून भरणाऱ्या विद्यार्थ्यांना आपण रागावतो, तो न्याय इथेही लागू आहे.

1992 मध्ये अमेरिकेतील लुइस बॅक्स्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पीईटी या तंत्राने अशा रुग्णांच्या मेंदूची चित्रे घेतली. काहींना औषध दिले होते, काहींना केवळ हा वर्तनोपचार. ज्यांना गुण आला त्यांच्या मेंदूच्या खोल भागातील 'कॉडेट' नावाच्या केंद्रातले वाढलेले काम कमी झालेले आढळले, आणि ते दोन्ही प्रकारच्या उपचारांनी. 'हे मनाचे की मेंदूचे?' या वादातली बरीचशी हवा त्यामुळे निघून गेली. 2004 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात 7 ते 17 वर्षांची 112 मुले होती. बारा आठवड्यांनंतर वर्तनोपचार आणि सर्ट्रालिन हे औषध दोन्ही मिळालेल्या मुलांपैकी सुमारे 54 टक्के, केवळ वर्तनोपचार मिळालेल्यांपैकी 39 टक्के, केवळ औषध मिळालेल्यांपैकी 21 टक्के मुले जवळजवळ लक्षणमुक्त झाली. औषध म्हणून निष्क्रिय गोळी दिलेल्या गटात हे प्रमाण 4 टक्क्यांच्याही आत होते. 'मोठेपणी आपोआप जाईल' म्हणून वाट पाहणाऱ्या पालकांपुढे हे आकडे ठेवावेत.

शिंकेसारखी ऊर्मी

दुसऱ्या मुलाचे निराळे. त्याला कसली भीती नाही, त्याच्या ठोक्यांना अर्थही नाही. त्याला बोटांत आणि मानेत एक अस्वस्थ ताण जाणवतो, झटका दिला की तो क्षणभर मोकळा होतो. शिंक येण्याआधी नाकात जे होते, त्याच्याशी याची तुलना करतात. शिंक आपण थोडा वेळ दाबू शकतो. म्हणून कोणी 'तू शिंका मुद्दाम देतोस' असे म्हणत नाही. टिकबाबत मात्र नेमके असेच म्हटले जाते. "मुख्याध्यापकांसमोर बरा गप्प बसतोस!" तो तिथे गप्प बसतो कारण सगळी शक्ती लावून ऊर्मी धरून ठेवतो. त्या वेळी मुख्याध्यापक काय म्हणाले हे त्याला बहुधा सांगता येणार नाही.

डोळे मिचकावणे, नाक ओढणे, खांदा उडवणे, घसा खाकरणे, 'हं' असा आवाज काढणे ही टिकची नेहमीची रूपे. घसा खाकरणाऱ्या मुलाला महिनोन्‌महिने खोकल्याचे औषध चालू असते, डोळे मिचकावणाऱ्याला चष्मा लागतो. टिक बहुधा पाच-सात वर्षांच्या वयात सुरू होतात, दहा-बारा वर्षांच्या सुमारास सर्वांत जोरात असतात आणि किशोरवयात पुष्कळांच्या ओसरतात. मधून मधून कमी होतात, रूप बदलतात, थकवा आणि उत्तेजना यांनी वाढतात. परीक्षेच्या आधी आणि सहलीच्या आधीही. शरीराच्या आणि आवाजाच्या अशा दोन्ही टिक वर्षाहून अधिक काळ राहिल्या तर त्या स्थितीला जॉर्ज जिल द ला तुरेत या फ्रेंच डॉक्टरांचे नाव आहे. 1885 मध्ये त्यांनी अशा नऊ रुग्णांची वर्णने प्रसिद्ध केली. घाणेरडे शब्द ओरडणारा माणूस हे त्याचे चित्रपटांनी पसरवलेले चित्र आहे. प्रत्यक्षात तसे थोड्याच रुग्णांत घडते.

इंग्रजी शब्दकोशकार सॅम्युएल जॉन्सन यांना असाच त्रास असावा, असे अनेक डॉक्टरांना वाटते. त्यांचे चरित्रकार बॉस्वेल यांनी त्यांचे हातवारे, तोंडाने काढलेले आवाज आणि उंबरठा ओलांडण्यापूर्वी पावले ठरावीक पद्धतीने जुळवून घेण्याचा आग्रह, हे सारे 1791 च्या चरित्रात नोंदवले आहे. टिक आणि मंत्रचळ एकाच माणसात नांदतात, याचे ते चांगले उदाहरण आहे.

वर्गापुरता उपाय बहुधा साधा असतो: टिककडे लक्ष न वेधणे. 'थांब' म्हटल्याने ऊर्मी वाढते, कारण लक्ष तिच्याकडे जाते. चेष्टा मात्र तत्काळ थांबवली पाहिजे. मुलाची आणि पालकांची संमती असेल तर तो वर्गात नसताना मुलांना दोन वाक्यांत समजावून सांगता येते. मुलाला दोन मिनिटे बाहेर जाऊन यायची मुभा द्यावी, पाणी पिण्याचे निमित्त पुरते. टिक फार त्रासदायक असतील तर 1973 मध्ये एझ्रिन आणि नन यांनी सुचवलेली पद्धत उपयोगी पडते. ऊर्मी ओळखायला शिकायचे आणि ती आली की टिकच्या आड येणारी, कोणाच्या लक्षात न येणारी दुसरी हालचाल करायची. मानेच्या झटक्याऐवजी हनुवटी किंचित खाली धरून मानेचे स्नायू हलकेच ताठ ठेवायचे, असे. 2010 मध्ये प्रसिद्ध झालेल्या 126 मुलांच्या अभ्यासात या पद्धतीवर आधारित उपचाराने निम्म्याहून थोड्या अधिक मुलांत स्पष्ट सुधारणा दिसली. नुसती माहिती आणि आधार मिळालेल्या गटात पाचांत एकाहूनही कमी मुले सुधारली. नखे कुरतडणे, केस उपटणे यांसाठीही ही पद्धत वापरतात.

हलणारा पाय, जागा राहणारा मेंदू

पहिल्या मुलाकडे यायचे तर आधी स्वतःकडे पाहावे. लांबलेल्या सभेत आपणही पाय हलवतो, पेनाचे टोपण उघडझाक करतो. त्यामुळे थोडे जागे राहता येते. एडीएचडी असलेल्या मुलांत हे बहुधा अधिक प्रमाणात चाललेले असते. 2015 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात मुलांना डोक्यात आकडे धरून त्यांची जुळणी करायला सांगितले आणि त्यांची हालचाल मोजली. एडीएचडी असलेली मुले जितकी जास्त हलली तितके त्यांचे काम चांगले झाले. इतर मुलांत उलट दिसले. तेव्हा 'आधी शांत बस, मग लक्ष लागेल' हा आपला आवडता सल्ला या मुलांना कदाचित उलटाच पडतो. पेन्सिलीच्या जागी रबराचा तुकडा हातात दिला, तर हालचाल राहते आणि आवाज जातो. वह्या वाटणे, फळा पुसणे, नकाशा आणणे ही कामे अशा मुलाला मुद्दाम द्यावीत, आणि मधली सुट्टी शिक्षा म्हणून कधीही काढून घेऊ नये.

आता मघाशी सांगितलेला 'उपाय उलटा पडणे' हा मुद्दा एका साध्या उदाहरणाने पाहू. दोन मुले शाळा सुटताना पुन्हा पुन्हा दप्तर उचकतात. पहिला याच आठवड्यात कंपासपेटी, डबा आणि छत्री विसरला आहे. त्याची स्मरणशक्ती खरोखरच दगा देते आणि बोलणी खाऊन तो आता धास्तावला आहे. दुसरी आजवर काहीही विसरलेली नाही. पण वह्या आत आहेत हे डोळ्यांनी पाहूनही तिला 'आहेत' असे वाटत नाही. पहिल्याच्या दप्तराच्या झाकणाला आतून पाच वस्तूंची यादी चिकटवली तर तो सुधारेल. तीच यादी दुसरीला दिली, तर वह्यांबरोबर आता यादीही तपासावी लागेल, आणि यादी नीट वाचली की नाही तेही.

उलट दिशेचीही फसगत होते. तासाला शून्यात पाहणारी, प्रश्न विचारल्यावर दचकणारी, पेपर अर्धवट सोडणारी मुलगी लक्ष न देणारी वाटते. प्रत्यक्षात ती मनात आकडे मोजत असते किंवा एक वाक्य चुकल्यामुळे पुन्हा पहिल्यापासून म्हणत असते. तिच्यापाशी अवधान भरपूर आहे, ते दुसरीकडे गुंतले आहे. तिच्यावर एडीएचडीचे लेबल लावून चालत नाही. एडीएचडी बहुधा बारा वर्षांच्या आत आणि घर-शाळा दोन्हीकडे दिसते. आठवीपर्यंत व्यवस्थित असलेल्या मुलीचे लक्ष नववीत अचानक उडाले, तर दुसरे काही शोधावे. आणि हे तीन कप्पे काही बंदिस्त नाहीत. तुरेत असलेल्या मुलांपैकी निम्म्यांच्या आसपास मुलांना एडीएचडीही असते आणि बऱ्याच जणांना ओसीडी असते. एकाच मुलाची पेन्सिल कधी या कारणाने, कधी त्या कारणाने वाजू शकते.

शिक्षकाने काय करावे

निदान करणे हे शिक्षकाचे काम नाही. पण डॉक्टरांना मूल अर्धा तास दिसते, आपल्याला वर्षभर दिसते. म्हणून आमची सूचना एका साध्या वहीची आहे. दोन आठवडे, दिवसाला चार ओळी. काय केले, कोणत्या तासाला, त्याच्या आधी काय घडले, टोकल्यावर काय झाले: विसरून पुन्हा सुरू केले, थोडा वेळ धरून ठेवले, की पुन्हा पहिल्यापासून केले? आकडा ठरलेला होता का? कोणी पाहत नसतानाही चालू होते का? 'फार चंचल आहे' या शेऱ्यापेक्षा अशी पंधरा-वीस निरीक्षणे डॉक्टरांना कितीतरी उपयोगी पडतात.

मग मुलाशी एकांतात बोलावे. 'असे का करतोस?' या प्रश्नाला मुले बहुधा 'माहीत नाही' म्हणतात. त्याऐवजी 'ते करायच्या आधी कसे वाटते? आणि केले नाही तर कसे वाटेल?' असे विचारून पाहावे. पहिला म्हणेल, लक्षातच येत नाही. दुसरा मान किंवा बोटे दाखवेल. तिसरी गप्प बसेल. तिच्या मनातले विचार तिलाच लाजिरवाणे वाटतात आणि बोलून दाखवले तर खरे होतील अशीही भीती असते. अशा वेळी 'नको असलेले विचित्र विचार जवळजवळ सगळ्यांच्या मनात येतात, माझ्याही येतात' एवढे एक वाक्य फार काम करते. विचारांचा तपशील मात्र खोदून विचारू नये.

पालकांना बोलावताना तक्रारीसाठी बोलावू नये. वही पुढे ठेवावी. अशा बैठकीत 'लहानपणी मीही असाच होतो' असे एखाद्या वडिलांनी सांगितले तर नवल वाटायला नको, कारण हे तिन्ही त्रास घराण्यात आढळतात. पुढे बालरोगतज्ज्ञ, मनोविकारतज्ज्ञ किंवा मानसोपचार करणारे मानसशास्त्रज्ञ यांच्याकडे पाठवावे. जिल्हा रुग्णालयाच्या मानसोपचार विभागातही विचारता येईल. बेंगळुरूच्या निम्हान्स या राष्ट्रीय संस्थेत ओसीडीसाठी स्वतंत्र विभाग आहे. केंद्र सरकारने 2022 मध्ये सुरू केलेल्या टेलिमानस सेवेचा 14416 हा क्रमांक विनामूल्य आहे. ही लक्षणे एक-दोन दिवसांत एकाएकी, विशेषतः ताप किंवा घशाच्या संसर्गानंतर उद्भवली असतील, तर थांबू नये, लगेच बालरोगतज्ज्ञांना दाखवावे. औषधे सुरू असतील तर ती 'मूल आता बरे दिसते' म्हणून परस्पर बंद करू नयेत, हेही पालकांना सांगावे.

उपचार सुरू झाले की शाळेचा वाटा ठरवून घ्यावा लागतो. तिसऱ्या मुलीच्या बाबतीत तो असा असू शकतो: "बरोबर आहे ना?" या प्रश्नाला एकदाच उत्तर द्यायचे. दुसऱ्यांदा विचारले तर हसून, "हा प्रश्न तू विचारते आहेस की तुझा मंत्रचळ विचारतो आहे?" एवढेच म्हणायचे. हे आधी तिच्याशी आणि तिच्या उपचारकाशी बोलून ठरलेले असले पाहिजे. न ठरवता एकदम उत्तर देणे बंद केले तर तिला ती शिक्षाच वाटेल. मुतारीकडे वारंवार जाणे, नळाशी उभे राहणे एकदम बंद करू नये. सहावरून पाच, पाचवरून चार असे उतरावे.

परीक्षेबद्दल शिक्षक हमखास विचारतात, की या मुलांना जादा वेळ द्यावा का? टिक किंवा एडीएचडी असलेल्या मुलाला थोडा जादा वेळ आणि वेगळी जागा मिळाली तर बहुधा उपयोग होतो. टिक असलेल्या मुलाला तर वेगळी जागा जास्त महत्त्वाची वाटते, कारण तिथे काही धरून ठेवावे लागत नाही. खोडून पुन्हा लिहिणाऱ्या मुलीला मात्र अर्धा तास जादा दिला, तर ती कदाचित अर्धा तास जादा खोडेल. तिच्यासाठी सहामाहीला वेगळे काही करून पाहता येईल: पेन्सिल-खोडरबर काढून घेऊन पेन द्यायचे, चूक झाली तर एक आडवी रेघ मारून पुढे जायचे, आणि प्रत्येक पान उलटले की मागे वळायचे नाही. पहिल्या पेपरला ती पान उलटणारच नाही. तेव्हा पर्यवेक्षकांना आधी सांगून ठेवावे, की ठरल्या वेळी जवळ येऊन पानाच्या कोपऱ्यावर बोट ठेवा, आणि काही बोलू नका.